अक्षरांचा नमुना

(रोमानिया, जानेवारी १९८६. गावच्या पोलीस चौकीत दोघंच : हवालदार साबिन आणि रेल्वेतले फिटर तोआदेर. मध्ये टेबलावर टाइपरायटर.)

साबिन : नमुना राहू द्या, काका. आधी बसा.

तोआदेर : राहू कसा देऊ? दर जानेवारीत यंत्र इथं आणायचं, तुमच्यासमोर पानभर टाइप करून अक्षरं दाखवायची. माझ्या बायकोनं, रोदिकानं, एक वर्ष चुकवलं नाही. यंदा ती नाही, म्हणून मी उचलून आणलं. काय वजन आहे!

साबिन : बाईंचा गेल्या वर्षीचा नमुना आहे माझ्याकडं. आणि हे पत्रक, गावभर पसरलेलं. अक्षरं जुळली, काका. हे बघा, दोन्हीकडं या एकाच अक्षराचं शेपूट तुटलेलं.

तोआदेर : बघू. ‘दवाखान्यात मुलांच्या वॉर्डात शेगडी नाही. तीन मुलं गारठून दगावली.’ तिचंच आहे. सरळ लिहायची.

साबिन : हळू बोला! असं कबूल करतात होय?

तोआदेर : शाळेत तिच्या हाताखाली शिकलास. तुला ओळखू आलं नाही?

साबिन : आलं. म्हणून तर जिल्ह्याचे साहेब यायच्या आत हा जबाब तयार केला. ‘आजारपणात पत्नीचं डोकं ठिकाणावर नव्हतं.’ सही करा. बाई गेल्या, त्यांना आता कोण काय करणार? तुमची नोकरी राहील, रेल्वेची खोली राहील.

तोआदेर : अरे, दुखणं पोटात होतं तिच्या. जायच्या आदल्या दिवशी माझं बटण चुकीच्या काजात होतं, तर केवढी बोलली!

साबिन : मला काय कमी बोलायच्या? पण...

तोआदेर : पत्रक निघालं आणि आठव्या दिवशी वॉर्डात शेगड्या आल्या. वेड्या बाईच्या लिहिण्यानं सरकार हलतं होय?

साबिन : आल्या खऱ्या. माझी धाकटी तिथंच होती.

तोआदेर : मग?

साबिन : मग सही करा ना, काका! तुम्हाला आत टाकणं माझ्यानं व्हायचं नाही.

तोआदेर : तिला वेडी म्हणून मी सही करणार नाही. आणि शेवटची ओळ वाच. ‘आम्ही भीक मागत नाही, जाब विचारतो.’ ती माझी आहे. मी सांगितली, तिनं टाइप केली. म्हणाली, बरी जमली तुला.

साबिन : हे मी ऐकलंच नाही.

तोआदेर : नको ऐकूस. कोरा कागद दे. मला टाइप धड येत नाही, ती ओळ माझी असल्याचा जबाब हातानं लिहून देतो.