हातावरची फुंकर

जानकी: बसणार नाही, यमुना. चहाही नको. तुझ्या नवऱ्याला आधी विचार, मोठ्या बहिणीचा तेरावा कधी घातलास म्हणून.

यमुना: वन्सं, भरल्या घरात असलं काय बोलता? नगऱ्याहून एवढ्या उन्हात चालत आलात, जरा टेका तरी.

जानकी: सांग ना भीमा. सगळ्या सदर बाजाराला कळलंय. परवा गणपतीच्या कार्यक्रमात स्टेजवर काय केलंस?

भीमराव: जिजी, मंडळवाले मागेच लागले. कुणी गाणं म्हटलं, कुणी नकला केल्या. मला म्हणाले, भीमरावजी, तुमच्या घराण्याची ती फुंकरबोली दाखवा. दाखवली.

जानकी: कुणाच्या हातावर?

भीमराव: आता हे काय विचारणं झालं?

जानकी: कुणाच्या हातावर, भीमा?

भीमराव: स्वतःच्या.

यमुना: त्यात एवढं रागवण्यासारखं काय? मी भुसावळची. लग्नाला बावीस वर्षं झाली, पण ती बोली मला या घरात कुणी शिकवली नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या, मलाही बरं वाटलं.

जानकी: शिकवली नाही ही आमची चूक. आता ऐक. पेशव्यांच्या फौजेबरोबर आम्ही झाशीत आलो, तेव्हाच ही बोली इतकी जुनी होती की कुठली ते कुणाला ठाऊक नव्हतं. ती एकट्यानं बोलता येत नाही. एकानं दुसऱ्याच्या तळहातावर फुंकर घालायची, घशातून सूर लावायचा, आणि ज्याचा हात आहे त्यानं बोटं हलवून बोलणं पुरं करायचं. हात पुढे आलाच नाही तर बोलणं अर्धं. स्वतःच्या हातावर फुंकर एकदाच घालतात. बोली जाणणारं दुसरं कुणी जगात उरलं नाही की.

यमुना: अहो, खरंच?

भीमराव: इतका विचार नाही केला मी.

जानकी: लहानपणी मी गमतीत तसं केलं, तर आईनं मला दिवसभर जेवायला दिलं नव्हतं. तू शेजारीच बसला होतास. आता ही बोली जाणणारे आपण दोघंच, हे ठाऊक असून तीनशे माणसांसमोर मला मारलंस, आणि बक्षीस घेऊन घरी आलास. भिंतीवर टांगलंय ते घड्याळ तेच ना?

भीमराव: तेच. आणि मला राग येत नसेल, जिजी? आईच्या तेराव्याला सगळ्यांदेखत तुझ्यापुढे बसून तुझा हात मागितला. तू तो पदराखाली घेतलास. नऊ साल झाले. दर दिवाळीला तुझ्या दारात आलो. फराळ दिलास, हात नाही दिलास. माझ्यापुरती ही बोली तेव्हाच मेली. मी बोलू कुणाशी, रेल्वे शेडमधल्या इंजिनाशी?

जानकी: हात रिकामा नव्हता माझा.

भीमराव: म्हणजे?

जानकी: आई गेली त्या दुपारी शेडमध्ये तुला तीनदा निरोप धाडला.

भीमराव: इन्स्पेक्शन होतं. साहेब आले होते.

जानकी: सुट्टी मागितलीस?

भीमराव: नाही. फोरमनची जागा निघाली होती.

जानकी: आई दाराकडे बघत होती. शेवटी तिनं माझा हात ओढला आणि फुंकर घातली. मी पुरं करायला गेले, तर माझी बोटं धरून ठेवली. माझ्यासाठी नव्हतंच ते, तुझं होतं. दुसऱ्यासाठी घेतलेलं पोचवल्याशिवाय त्या हातावर नवं घेत नाहीत, हे तुला मी सांगायला नको.

भीमराव: नऊ साल. आईचं मला बोललेलं तू नऊ साल दाबून ठेवलंस, आणि माझ्याकडे स्टेजवरच्या दोन मिनिटांचा जाब मागायला आलीस?

जानकी: हो, दाबलं. ज्याला यायला वेळ नव्हता त्याला कशाला द्यायचं, असं वाटायचं. मग दरवर्षी वाटायचं, पुढच्या वर्षी देईन. तू दिवाळीला यायचास, आणि तुझं फोरमनचं तोंड बघून पुन्हा संताप यायचा.

यमुना: आणि मधेच तुम्हाला काही झालं असतं तर, वन्सं?

जानकी: तेच. शेजारची कमळा हसत सांगत आली, भीमरावजींनी आपल्याच हातावर फुंकर घातली, बड़ा मज़ा आया. ऐकलं तशी उठून चालत निघाले. मी मेले असं ठरवून बसलास, तर आईचं कुणाकडून घेणार होतास?

भीमराव: काय म्हणाली होती आई?

जानकी: मराठीत नाही येत ते. हिंदीतही नाही. यमुना, तू कुठे निघालीस? इथं जवळ बस. नीट बघ.

यमुना: मी?

जानकी: तूच. पुन्हा कुणावर स्वतःच्या हाताशी बोलायची पाळी नको. भीमा, हात आण.

(भीमराव हात पायजम्याला पुसून पुढे करतो.)

जानकी: उजवा नको रे. आईपुढे आपण डावाच धरायचो.