पाठीवरचा दिवा

मंडळी, एक विचारू? खरं सांगायचं हं! घरच्या माणसाचं तोंडावर कौतुक करावं का? — बघा, कशा माना हलल्या! "नको बुवा, शेफारतं!" असं? मग चांगल्याला चांगलं न म्हणणं, हा संयम म्हणायचा की कद्रूपणा? उत्तर आत्ता नको. आधी गोष्ट ऐका.

एक मुलूख होता. नकाशात शोधू नका मास्तर, सापडायचा नाही! त्या मुलखाला सूर्यच नव्हता. चंद्रही नाही. कायमचा काळोख! मग देवानं काय केलं? जन्माला येणाऱ्या प्रत्येक जिवाच्या पाठीवर, दोन खांद्यांच्या मधोमध, एक ज्योत लावून दिली. म्हणाल, पाठीवर कशाला? छातीवर का नाही? — अहो, मग जो तो आपल्याच उजेडात सुटला असता! कोण कुणासाठी थांबलं असतं? पाठीवरचा दिवा मागच्याला वाट दाखवतो. आणि ज्याचा त्याला? मुळी दिसतच नाही! आरशात नाही, पाण्यात नाही. लोक चोरून बघायचे हो, माना वळवून वळवून! तिथल्या वैद्यांकडं सगळ्यात जास्त गर्दी कुणाची? मान लचकलेल्यांची!

इथवर छान. पण तिथं एक पंथ निघाला. प्रमुख कोण, तर मौनेश्वरबुवा. नाव मौनेश्वर — आणि बोलायला लागले की पानावरचं जेवण गार! त्यांनी नियम घातला : कुणी कुणाला त्याच्या दिव्याबद्दल सांगायचं नाही. का? तर अहंकार होतो! सांगेल तो पंथाबाहेर. झालं! अख्खा मुलूख मनातल्या मनात कुढायला लागला. माझा पेटलाय का? की विझला?

अशा त्या मुलखात सगुणी नावाची पोर. आईबाप नाहीत, आत्यानं वाढवलेली. भिवराआत्या! काय सांगू, कडक बाई! भाकरी टम्म फुगली तरी म्हणायची, "करपली नाही, नशीब." नियम पाळावा तर आत्यानं! विहिरीवर जायचं असो, रानात जायचं असो, "सगुणे, हो पुढं!" सगुणी काळोखात चाचपडत पुढं, आत्या मागं. पोरीच्या मनानं घेतलं, आपल्या पाठीवर काहीच नाही. असतं तर एवढ्या वर्षांत कुणी तरी एक शब्द बोललं नसतं?

तिचं लग्न ठरलं. मुलगा कोंडाजी, दरीपलीकडचा. सोन्यासारखं पोरगं! दोघांचा जीव एकमेकांवर. आता तिथली रीत अशी, की नवरी सगळ्यांच्या पुढं चालते. तिच्या उजेडात नवरा आणि सासू, आणि त्यांच्या मागं वऱ्हाड, असे दरी ओलांडतात. वाट ही एवढीशी! एका बाजूला कडा, एका बाजूला खोल!

वाजंत्री सुरू झाली. नवरी दारात आली — आणि मटकन खाली बसली!

"मी नाही चालणार पुढं. मोडा लग्न."

"अगं, झालं काय?" सासू घाबरली.

"माझा दिवा विझलाय, सासूबाई. तुम्ही माझ्या मागं याल, आणि ह्यांचा पाय घसरला तर? कशी जगू मी मग?"

कोंडाजीनं तोंड उघडलं — लग्नाला आलेल्या मौनेश्वरबुवांनी काठी आपटली! "नियम!" पोराच्या डोळ्यांतनं घळाघळा पाणी. वाजंत्री बंद. सगळ्यांना तिची ज्योत लख्ख दिसतेय, आणि एक माणूस बोलेना! हसू नका मंडळी. आपल्याकडं वेगळं काय असतं?

तेवढ्यात मागनं आवाज आला, "सरका!" कोण? भिवराआत्या!

"ऊठ सगुणे. तुला पुढं का घालत होते मी? अगं बये, तू दुडुदुडु चालायला लागलीस तेव्हापासून तुझ्या मागनं चालतेय. एकदा ठेच लागली नाही मला! असा उजेड उभ्या जन्मात बघितला नाही. रोज वाटायचं, सांगावं. रोज जीभ चावली. चुकलं माझं, पोरी!"

"भिवरा!" बुवा कडाडले. "पंथाबाहेर!"

"घाला बाहेर! आणि जाता जाता सांगते बुवा, तुमचाही दिवा झकास आहे. जरा डावीकडं कललाय, पण आहे झकास!"

बुवांची काठी हातातनं पडली. आणि हळूच विचारतात,

"खरंच? ...पेटलाय?"

अहो, म्हातारा लहान पोरासारखा रडला! जन्मभर सगळ्यांना ज्ञान सांगितलं, पण हे एवढं एक विचारायची चोरी! मग काय — कोंडाजी सुटला, सासू सुटली! पाहुणा पाहुण्याला सांगतोय, "तुमचा निळसर आहे हो!" आचारी वाढप्याला सांगतोय. भाताचा तळ लागला, मुहूर्त टळला, फिकीर कुणाला! आणि सगुणी उठली. तिला दिसला का तिचा दिवा? नाही! समोर तोच काळोख. पण पाऊल टाकलं ते हसत टाकलं, आणि सगळं वऱ्हाड गात गात दरी उतरलं.

तर मंडळी, आपल्याला सूर्य आहे म्हणून आपण फार वेगळे, असं समजू नका. घरी ओट्याशी कुणी पाठमोरं उभं असतं. दमून आलेला बाप भिंतीकडं तोंड करून निजतो. शेफारलेलं माणूस परवडलं हो! पण दिवा असून काळोखात बसलेलं बघवत नाही. ह्या मधल्या रांगेत सासवा-सुना मांडीला मांडी लावून बसल्यात, दिसतायत मला. मग घरी जायची तरी वाट कशाला बघता? आत्ता, इथंच सांगा.

टाळ थांबवा रे जरा. त्यांना बोलू द्या.