सालेचं पान

मारांगूच्या फाटकापाशी आम्ही सगळे किलिमांजारोवर आग विझवायला गेलेल्यांची वाट बघत उभे होतो. माझ्यामागे एक बाई आपल्या दिराशी बोलत होती.

“भावजी, धूर आणखी वर सरकलाय.”

“ढग असेल, वहिनी.”

“परवा मध काढायला त्याच बाजूला गेला होतात ना?”

“गेलो होतो. माश्यांना धूर दिला आणि चूड पायानं तुडवून विझवली.”

“नक्की?”

“यंदा झाडांवरचं शेवाळसुद्धा वाळलंय, वहिनी. हातात घेतलं की भुगा होतो.”

“म्हणजे विझली नव्हती.”

“मला वाटलं, विझली.”

“तीच झाडं धुकं अडवतात, म्हणून आपल्या पाटाला पाणी येतं. शिखरावरचा बर्फ काय, नुसता पाहुण्यांना फोटो काढायला!”

“म्हणून तर कुंपणातल्या सालेच्या झुडपाचं हे पान आणलंय. पाटाच्या पंचांपुढे धरून माफी मागतो. पान पुढे केल्यावर कुणाला नाही म्हणता येत नाही.”

“पंचांचं नंतर बघा. तुमचे भाऊ कालपासून वर आहेत.”

“येतील ते.”

“आले तर पान त्यांना द्या. नाही आले, तर मला द्यावं लागेल, भावजी. आणि मी नाही म्हणेन.”