कार्डाच्या कोपऱ्यातला बाण

—कोट असू द्या अंगातच. हा रेडिएटर नुसता ठणठणतो, ऊब काही देत नाही; दोन वर्षं राहतेय मी या खोलीत, तरी दर वेळी दचकते. कॉफी घ्या. बोस्टनहून विस्कॉन्सिनपर्यंत, असल्या बर्फात, तुम्ही माझ्या कॉफीसाठी आला नाहीत, मिस्टर हॅव्हरल, एवढं कळतं मला. तुमचा लेख वाचलाय मी, दोनदा. ‘प्राध्यापक क्रोग यांनी पत्र अर्ध्यावर तोडलं, आणि त्या तुकड्यावर पुस्तकाचं चौथं प्रकरण उभं केलं.’ बरोबर? आणि त्याच अंकात, शेवटच्या पानावर, त्यांचं उत्तर. तीन ओळी! ‘माझ्या मदतनीस विद्यार्थिनीकडून नक्कल करताना चूक झाली.’ विद्यार्थिनी म्हणजे मी. तिथे नाव नाही माझं. आभारांच्या पानावर मात्र आहे — ‘मारिट सेदर, जिच्या नजरेतून स्वल्पविरामसुद्धा सुटत नाही.’ म्हणजे पुस्तकात स्वल्पविराम सुटत नाही आणि मासिकात अख्खं वाक्य सुटतं, असं कसं हो?

नाही, रडत नाहीये. सर्दी आहे.

तुम्ही त्यांच्या वर्गात कधी बसला नाहीत, म्हणून असं शांतपणे विचारताय, ‘क्रोगना माहीत होतं का?’ तीनशे मुलं असायची, खिडक्यांच्या कट्ट्यांवरसुद्धा. आम्हाला शाळेत काय शिकवलेलं? साम्राज्य असतं ते इंग्रजांचं. आपण अमेरिकन बाहेर जातो ते मदतीला. आणि हा माणूस नुसते कागद वाचायचा — परदेशातल्या आपल्याच वाणिज्यदूतांची पत्रं, नौदलाच्या अधिकाऱ्यांची, गहू नि कापड विकणाऱ्यांची — आणि चष्मा पुसत म्हणायचा, ‘मी काही बोलत नाही मंडळी, तेच बोलतायत.’ मी गोठ्यातून आलेली मुलगी, आमच्याकडे झेंड्याची घडी चुकली तरी वडील जेवायचे थांबतात. पहिल्या दिवशी वर्गातून बाहेर आले तेव्हा वाटलं, आता कुणीतरी खरं बोलतंय. आणि सारखं एकच सांगायचे — कागद शेवटपर्यंत वाचा, जे वाक्य कापलं जातं त्यातच साम्राज्य लपलेलं असतं. हे त्यांचं वाक्य! त्यांचं!

पद्धतही त्यांचीच. वॉशिंग्टनच्या दप्तरखान्यात शाई नेऊ देत नाहीत, पेन्सिलच. तळहाताएवढी कार्डं, वर खोक्याचा आकडा, खाली मजकूर; मावला नाही तर उजव्या कोपऱ्यात बाण काढायचा, म्हणजे पुढचं कार्ड बघा. दोन उन्हाळे मी तेच केलं, बोटाला घट्टा पडला, हा बघा. तर ते पत्र — पॅसिफिकमधल्या एका बेटावरच्या आपल्या वाणिज्यदूताचं. पहिल्या कार्डावर काय? ‘आपण इथे या लोकांच्या भल्यासाठी आलेलो नाही; कोळसा, बंदर आणि आपल्या मालाला गिऱ्हाईक, एवढ्यासाठी आलो आहोत.’ इथे कार्ड संपलं. कोपऱ्यात बाण. काढलाच होता मी, शप्पथ, ठळक! दुसऱ्या कार्डावर पुढचं — ‘असं इथले आपले व्यापारी जेवताना उघड बोलतात, आणि मला त्यांची लाज वाटते.’ बस. त्या सगळ्या गर्दीत लाज वाटणारा एकच माणूस होता, आणि आम्ही त्यालाच लुटारू करून छापलं.

पुस्तक खोटं नाही हं! ते लिहू नका तुम्ही. बाकीची शेकडो पत्रं आहेत, ती मी तपासलीत, ती खरी आहेत. व्यापारीसुद्धा खरेच होते ना? पण —

मी सांगितलं होतं त्यांना. छपाईचे कागद तपासताना. म्हणजे, सांगायला गेले होते. ते चौथं प्रकरण मोठ्यानं वाचत होते, त्यांच्या बायकोला, आणि तिच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि मी दारात उभी, दुसरं कार्ड कोटाच्या खिशात. मला बघून म्हणाले, ‘मारिट, ये! हे वाक्य शोधलंस म्हणून हे प्रकरण झालं, बाई.’ मग — मग मी काय करायला हवं होतं? तुम्ही काय केलं असतंत? मी खिशातून हात बाहेर काढलाच नाही.

हं. हे तुम्हाला सांगायचं नव्हतं.

पण पहिलं कार्ड त्यांच्याच टेबलावर होतं ना! कोपऱ्यात बाण! ज्यानं बाण काढायला शिकवलं त्याला बाण दिसत नाही? एकदा विचारायचं, ‘मारिट, पुढचं कार्ड कुठंय?’ एकदाच. मी तिथल्या तिथे दिलं असतं. विचारलं नाही. त्यांनाही ते वाक्य तिथेच संपायला हवं होतं, जसं मला हवं होतं. आणि आता चूक कुणाची? मदतनीस विद्यार्थिनीची.

वही काढू नका, प्लीज. माझं काय, मी मरेना का तिकडे, इव्हरचं बघा. धाकटा भाऊ माझा, एकवीस वर्षांचा. नाताळला पुस्तक मीच पाठवलं घरी. त्यानं गाईंचं दूध काढता काढता तो उतारा पाठ केला. व्हिएतनामसाठी बोलावणं आलं तेव्हा भरती मंडळासमोर उभा राहून म्हणून दाखवला. मंडळाचे अध्यक्ष लिंडक्विस्टकाका, ट्रॅक्टर विकतात, बाप्तिस्म्याला यांनीच धरलेलं त्याला. म्हणाले, ‘इव्हर, बस खाली, तुझ्या बहिणीनं डोकं फिरवलंय तुझं.’ तो बसला नाही. भरतीला गेलाही नाही. गुरुवारी खटला आहे, पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, आणि शिक्षा सुनावण्याआधी न्यायाधीश विचारणार, काही म्हणायचंय का? तर हा तेच म्हणणार. तेच वाक्य. तिथे सरकारी वकिलाच्या हातात तुमचा लेख असला तर? इव्हरकडे असली मासिकं येत नाहीत हो, त्याला काहीच ठाऊक नाही. वडील त्याच्याशी बोलत नाहीत, दोघं एकाच गोठ्यात पाठीला पाठ लावून दूध काढतात. त्याच्याकडे ते एक वाक्य आहे फक्त, आणि ते मी दिलंय.

हो, कार्ड आहे माझ्याकडे. त्या पाकिटात. अं — हात लावू नका! नाही, तुम्हाला नाही देणार. तुम्हाला क्रोग हवे आहेत, आणि क्रोगना दोष द्यायला मी हवी होते, आणि —

आई गं! फोन. केवढ्यानं वाजतो. तोच असणार, या वेळेलाच करतो, दूध डेअरीवाल्याकडे दिलं की. तुम्ही निघा आता. कॉफी राहू दे. निघा म्हणते ना, दार ओढून घ्या जाताना.

हॅलो? हो, मीच. नाही, कुणी नाही, गेले ते. जेवलास? इव्हर, ऐक, पेन्सिल आहे जवळ? घे. तो उतारा आहे ना तुझा, ‘मालाला गिऱ्हाईक’पर्यंतचा — त्याच्या पुढे अजून एक वाक्य आहे. मी सांगते. लिही.