पडद्याजवळ उभा राहणारा

देवरीच्या बसस्टँडवर चिचगडच्या गाडीची वाट पाहत होतो. शेजारच्या बाकावर एक म्हातारे गृहस्थ आणि त्यांची कॉलेजातली नात तिच्या मोबाईलवर शंभर वर्षांपूर्वीचा, शिपायांच्या जहाजाचा मुका बातमीपट पाहत होते.

"आवाज काऊन नाही येऊन राहिला?"

"तेव्हाचे पिक्चर मुकेच राहत, आबाजी."

"मुके कायचे? माहा आजा पडद्याजवळ उभा राहून सांगे ना! दिवाळीनंतर मंडईच्या जत्रेत तंबू लागे. अख्खं गाव आयके."

"हे जहाजबी होतं त्याच्यात?"

"असंच होतं म्हणे, पोरायनं भरलेलं. आपल्या गावचे सात जण गेले होते पलटनीत. आज्यानं सांगतलं, लढाई सरली, पोरं वापस येऊन राहिले. बायायनं रडत रडत टाळ्या वाजवल्या."

"पण इथं इंग्रजीत लिहिलं हाये, पलटन लढाईवर निघाली."

"असन लिहिलं."

"मंग त्यायले इंग्रजी वाचता येत नव्हती काय?"

"येत होती, पोरी. गावात ज्याच्या घरी पलटनीतून तार येई, त्याले तोच वाचून दाखवे."