उलट्या सूर्याचं खंडन

तुम्हाला खोटं वाटेल, पण ऐका. राज्याची वाटणी होऊन, भोपाळपासून सुटून रायपूर नुकतंच नव्या राज्याची राजधानी झालं होतं. आमच्या पेपरात रविवारी एक काल्पनिक कथामालिका यायची. तिच्यातला 'उलटा सूर्य' नावाचा तारा शेजारच्या ग्रहांचा उजेड पिऊन टाकायचा. सोमवारी मंत्रालयातून आमच्याच विदर्भाकडच्या एका साहेबांचा फोन.

"काहून लोकाइले घाबरवून राहिले? खंडन छापा, नाहीतर तुमचा प्रेस पास रद्द!"

मी भडकलो. "अहो, ती कथा आहे! असा तारा नाहीच!"

"हव, पण मंत्रीजी विचारून राहिले, कोणत्या जिल्ह्यात येते?"

"कोणत्याच नाही! आपल्याकडे नाहीच तो!"

साहेबांचा जीव भांड्यात पडला. "मंग तसंच छापा ना भैया, राज्याच्या बटवाऱ्यात तो भोपाळले गेला म्हणून!"