पूर्व काठावरचा एक टिपका

सभेच्या अध्यक्षा, तालुंदच्या महाराणीसाहेब; मंचावर बसलेले नकाशागृहाचे सर्व मानकरी; आज ज्यांना निरोप द्यायला आपण जमलो ते नकाशागुरू ओर्वान; आणि नकाशात ज्यांना जागा मिळाली अशा माझ्या बंधुभगिनींनो,

मी इल्मा. कोशेर गावच्या नावाड्याची, हारुकची बायको. नकाशाकार निवृत्त होताना नकाशातल्या एखाद्या गावाच्या माणसानं दोन शब्द बोलायचे, ही आपली रीत. यंदा चिठ्ठी आमच्या गावाची निघाली. मघाशी पडद्यामागं गुरुजींनी विचारलं, "कोशेर म्हणजे कुठलं हो?" त्यांचं तरी काय चुकलं? इतकी गावं हलवायची, लक्षात किती ठेवायची?

गुरुजींचं काम मोठं आहे. चाळीस वर्षं ते खुर्चीतून उठले नाहीत, जोड्याला चिखल लागू दिला नाही, आणि तरी अख्खं राज्य काढलं. सारवीचं तळं तर असं सुरेख गोल काढलं, की तिथले लोक अजून दर उन्हाळ्यात कुदळी घेऊन काठ कोरत असतात. नकाशा चुकत नाही, हा कायदा महाराणीसाहेबांच्या आजोबांचा. मग चुकणार कोण? जमीन.

आमचं गाव दोर्वा नदीच्या पूर्व काठाला होतं. गुरुजींनी ते पश्चिमेला काढलं. का, ते मी आज विचारून घेतलं. म्हणाले, "बाई, त्या बाजूला फार मोकळं दिसत होतं." होतंच. दलदल होती ना तिथं.

नकाशा निघाला त्या वर्षी सरकारी कारकून गावात आले. म्हणाले, "तुमचं गाव चुकीच्या जागी आहे."

हारुक म्हणाला, "साहेब, दोनशे वर्षं इथंच आहे."

"मग दोनशे वर्षं चुकतंय."

"आणि नदी? ती बरोबर आहे ना? नाहीतर तीही उचलतो."

कारकुनांनी नकाशा उलगडून नीट पाहिला आणि म्हणाले, "नदी ठीक आहे."

हारुकनं सगळं गाव होडीतून पलीकडे नेलं. दारं, चुली, देवळाची घंटा. सासूबाई काठावरून ओरडत होत्या, "मेल्या, घंटेच्या आधी मला ने, ती काही भिजून खोकणार नाही!" सासूबाईंना काही झालं नाही. दलदलीचा ताप हारुकला भरला, आणि त्याच हिवाळ्यात तो गेला. नव्या गावात पुरायला जागा मिळेना. जी काय कोरडी होती, तिथं नकाशात हरणांची जोडी काढलेली. म्हणून ती हरणांसाठी राखलेली. हरणं अजून यायची आहेत. आम्ही हारुकला जुन्या काठावर नेलं, उशाशी तुतीचं रोप लावलं. दुसऱ्या दिवसापासून घाट बंद. नाक्यावरचे शिपाई स्वभावानं चांगले. म्हणाले, "मावशी, नकाशात पलीकडे काही नाहीच. जिथं काही नाही तिथं तुम्हाला सोडायचं कसं?"

त्याला नऊ वर्षं झाली.

मला अक्षर येत नव्हतं. चावडीत टांगलेल्या नकाशावर बोट ठेवून ठेवून एकटीच शिकले. पहिला शब्द लागला तो आमच्या जुन्या गावाच्या जागेवरचा. 'ओसाड'. गुरुजींचं अक्षर सुंदर आहे, वाचायला त्रास पडला नाही. इकडच्या काठावरून तुती दिसते. आता माणसापेक्षा उंच झाली आहे. फळं धरते का, ते एवढ्या लांबून कळत नाही.

आता रीतीप्रमाणे गुरुजी नकाशावर शेवटचा एक टिपका देतील. मग तीस वर्षं त्याला कुणी हात लावायचा नाही. मी आज पंचावन्न वर्षांची आहे. तो टिपका ते आपल्या सहीखालच्या फुलात देणार, असं पत्रिकेत छापलंय. फूल छानच आहे. पण गुरुजी, त्याचं तुमच्या टिपक्यावाचून अडलेलं नाही. माझं अडलंय. पूर्व काठावर, 'ओसाड'च्या शेवटच्या अक्षराशेजारी द्या. नाव नको, चित्र नको. टिपका असला की शिपाई सोडतात.

काय म्हणालात मानकरी? चित्राचा तोल जाईल? जाईल. आमचा गेला तेव्हा तुमच्यातलं कुणी बोललं नव्हतं.

गुरुजी, उठताय? सावकाश. चाळीस वर्षांची सवय आहे. लेखणी दोन्ही हातांनी धरा. थोडं उजवीकडे. अजून थोडं. नदीत पडला तर मला हारुकला पाण्यात न्यावं लागेल.

हां. तिथंच.

महाराणीसाहेबांनी थांबवलं नाही, त्यांचे आभार. तुम्ही सगळ्यांनी ऐकून घेतलंत, तुमचेही. गुरुजी, तुमचे कसे मानायचे ते मला अजून ठरवता येत नाही. पलीकडे जाऊन आले की सांगेन. बोलण्यात काही चुकलं असेल तर पदरात घ्या. घेता येत नसेल, तर मी कुठं राहायला जायचं तेवढं सांगा.

हारुकची होडी नऊ वर्षं पालथी पडली होती. आज सकाळी सरळ करून आले आहे. जेवायला थांबत नाही. शाई वाळली की निघते.